माळ्यावरचा जादूचा कागद

जे. के. रोलिंग यांच्या हॅरी पॉटर मालिकेच्या तिसऱ्या कादंबरीत (१९९९) चर्मपत्राचा एक जुना तुकडा आहे. वरवर पाहता तो कोरा. ठरलेले शब्द उच्चारून त्याला छडी लावली की त्यावर साऱ्या शाळेचा नकाशा उमटतो आणि कोण कोठे वावरते आहे हे नावानिशी दिसते. अनधिकारी माणसाने तो उघडू पाहिला तर अक्षरे उमटतात खरी, पण ती त्याचीच टर उडवणारी! या कादंबऱ्या मराठीतही आल्या, आपल्या नातवंडांनी त्या वाचल्या, आणि ‘परक्या जादूने मुले बिघडली’ अशी तक्रार बेळगाव-निपाणीच्या जुन्या मराठी घरांतून ऐकू येऊ लागली. ही तक्रार आम्हांस मुळीच मान्य नाही. तसला कागद तक्रार करणाऱ्यांच्याच माळ्यावर रुमालात बांधून पडलेला आहे.

आम्ही मोडी कागदांविषयी बोलत आहोत. आधी ओळीभर शिरोरेषा ओढून घ्यावी आणि मग बोरू फारसा न उचलता तिच्याखाली अक्षरे गुंफत जावे, अशी ही लिपी. शब्दांत अंतर नाही, विरामचिन्ह नाही, ऱ्हस्व-दीर्घाचा भेद नाही. ‘दिन’ कोणता आणि ‘दीन’ कोण, हे संदर्भावरून ओळखायचे. सराव असलेल्याला तेथे गाव, शेत, पाटील, कुलकर्णी, देणेकरी, साक्षीदार असे सारे नावानिशी दिसते. सराव नसलेल्याला दिसतात नुसते काळे वेलांटे. फरक एवढाच की येथे मंत्र गुप्त नाही. तो कोणालाही शिकता येतो.

या कागदांची सत्ता काल्पनिक नव्हती. इंग्रज सरकारने १८४३ पासून या दक्षिण मराठा मुलखात इनामांची चौकशी आरंभली आणि १८५२ च्या कायद्याने इनाम कमिशनला अधिकार दिले. सनद किंवा दीर्घ वहिवाटीचा पुरावा दाखवता येणे न येणे यावर कित्येक घराण्यांचा चरितार्थ ठरला. ज्या पिढीने ते दिवस पाहिले तिने कागद जिवापाड जपले. तिच्या वंशजांनी जपणूक चालू ठेवली, वाचन मात्र सोडले. आता दसऱ्याला रुमालावर हळदकुंकू पडते, फूल वाहिले जाते, आणि गाठ न सुटता रुमाल पुन्हा माळ्यावर जातो. आतल्या आत वाळवी आपले काम करते. ही पूजा आहे की उत्तरक्रिया?

यावर तीन आक्षेप नेहमी येतात. पहिला असा की, त्या देण्याघेण्याच्या चिठ्ठ्यांत आहे काय? राजवाड्यांनी १८९८ पासून ‘मराठ्यांच्या इतिहासाची साधने’ खंडाखंडाने प्रसिद्ध केली, ती घरोघरच्या अशाच दप्तरांतून. त्या घरांनीही ‘आहे काय?’ म्हणून दार लावले असते तर मराठ्यांचा इतिहास आपण आजही परक्यांच्याच पुस्तकांतून वाचत बसलो असतो. दुसरा आक्षेप भाऊबंदकीचा. कागद उघडले तर जुने वाटणीचे वाद उकरले जातील, असे म्हणतात. जे घर शंभर वर्षांपूर्वीच्या कागदाने फुटेल ते मुळात एकसंध नव्हतेच. तिसरा आक्षेप, कागद बाहेर गेला की परत येत नाही. ही भीती रास्त आहे. पण आता मूळ कागद घराबाहेर न काढता त्याचे छायाचित्र घेता येते.

मोडी मेली, असेही कोणी म्हणेल. २०१४ साली तिला युनिकोडमध्ये स्थान मिळाले. २०२३ साली महाराष्ट्रात कुणबी नोंदींचा शोध सुरू झाला तेव्हा जुनी दप्तरे वाचण्यासाठी मोडी जाणकारांची शोधाशोध करावी लागली. लिपी जिवंतच होती, वाचणारे मात्र विरळ झाले होते.

सीमाभागासाठी तर हा प्रश्न अब्रूचा आहे. १९४६ च्या बेळगाव साहित्य संमेलनात संयुक्त महाराष्ट्राचा ठराव झाला. १ नोव्हेंबर १९५६ रोजी हा मुलूख तत्कालीन म्हैसूर राज्यात गेला. २००४ साली महाराष्ट्र सरकारने सर्वोच्च न्यायालयात दावा दाखल केला. सरकारी कागद मराठीतून मिळावेत ही येथील मागणी न्याय्यच आहे आणि ती आम्ही सोडणार नाही. परंतु कचेरीतला कानडी उतारा वाचता येत नाही म्हणून संतापणाऱ्याला घरातला मराठी कागदही वाचता येत नसेल, तर त्या संतापाचे वजन किती राहते? मराठीचा हक्क मागणाऱ्याने आधी मराठीचा वारसदार असल्याचे सिद्ध करावे.

म्हणून आमचे सांगणे थोडके आहे. घरातल्या रुमालांची यादी करावी. कागद दमट भिंतीपासून दूर ठेवावेत, फाटक्या जागी चिकटपट्टी लावू नये, आणि ‘टिकावा’ म्हणून प्लास्टिकमध्ये मढवू तर मुळीच नये. प्रत्येक पानाचे छायाचित्र घेऊन एक प्रत भारत इतिहास संशोधक मंडळासारख्या संस्थेकडे द्यावी. आणि आपल्या साहित्यसंस्थांनी पुष्पगुच्छांच्या खर्चातून सुटीत मोडीचा वर्ग चालवावा. काही आठवड्यांत अक्षरओळख होते, पुढचे सरावाने येते.

त्या वर्गात पहिल्या बाकावर बसवावीत तीच नातवंडे, ज्यांच्या पुस्तकांवर वडीलधारे रुसले आहेत. कोऱ्या दिसणाऱ्या कागदावर अक्षरे उमटतात यावर त्यांचा आधीच विश्वास आहे. शंका आहे ती त्यांच्या आजोबांना.