नाव सांगण्याचा अधिकार कोणाचा?

बालपणी लैंगिक अत्याचार सोसलेल्या व्यक्तींनी मोठेपणी जाहीरपणे बोलून कायद्यात सुधारणा मागणे अनेकांना रुचत नाही. त्यांचा पूर्वपक्ष असा की, वर्षानुवर्षांनी सांगितलेली हकीकत भरवशाची नसते, भावनेच्या भरात केलेला कायदा सदोष निघतो आणि नाव झाकलेले राहण्यातच पीडिताचे हित असते. यांतील शेवटचा आक्षेप दयाळू वाटतो आणि म्हणूनच तो सर्वांत घातक आहे.

ऑस्ट्रेलियातील टास्मानिया राज्याने तो कायद्यातच उतरवला होता. तेथील 2001 च्या पुरावा कायद्याच्या 194-के या कलमानुसार लैंगिक गुन्ह्यातील पीडित व्यक्तीची ओळख, त्या व्यक्तीची स्वतःची संमती असली तरी, न्यायालयाच्या आदेशावाचून प्रसिद्ध करता येत नसे. शिक्षकाच्या अत्याचाराला बळी पडलेल्या ग्रेस टेम यांना त्यामुळे स्वतःच्या नावानिशी बोलता येईना. दोषी ठरलेल्या त्या शिक्षकावर मात्र अशी बंदी नव्हती आणि त्याने आपली बाजू उघडपणे मांडलीही. पत्रकार निना फनेल यांच्या 2018 मधील मोहिमेच्या पाठबळावर टेम यांनी 2019 मध्ये न्यायालयाकडून परवानगी मिळवली आणि 2020 मध्ये तो कायदाच बदलला गेला. गोपनीयता हे पीडिताचे संरक्षण आहे, हे निर्विवाद. परंतु ते कधी सोडायचे हे ठरवण्याचा अधिकार पीडिताकडेच नसेल, तर त्या संरक्षणाचा लाभ गुन्हेगारालाच मिळतो.

उशिरा सांगण्यावरील आक्षेपाचे खंडन त्याच देशातील रॉयल कमिशनने, म्हणजे साक्षीदारांना पाचारण करण्याचे अधिकार असलेल्या स्वतंत्र चौकशी आयोगाने केले. संस्थांमधील अत्याचारांची चौकशी करताना 2017 पर्यंत त्याने आठ हजारांहून अधिक व्यक्तींचे म्हणणे खासगी बैठकांत ऐकले, तेव्हा पहिली वाच्यता करायलाच त्यांना सरासरी सुमारे 24 वर्षे लागल्याचे दिसले. विलंब हा खोटेपणाचा पुरावा नसून अत्याचाराचाच परिणाम आहे, हे यातून स्पष्ट होते. आणि ठरावीक काळानंतर दिवाणी दावा नाकारणारी मुदतमर्यादा याच परिणामाची शिक्षा पीडिताला देत होती. ती रद्द करण्याची शिफारस आयोगाने 2015 मध्ये केली आणि राज्यांनी ती अमलात आणली.

भावनेच्या आक्षेपात दोन वेगळ्या गोष्टींची गल्लत आहे. एखाद्या आरोपीला दोषी ठरवण्यासाठी पुरावा आणि उलटतपासणी हवीच; कायदा कोठे तोकडा पडतो हे दाखवण्यासाठी मात्र, तो तोकडा पडल्याची किंमत ज्यांनी मोजली त्यांच्याहून जाणकार साक्षीदार नाही.

बोलण्याची सक्ती कोणावरही नसावी. खासगी बैठकांनी मौनाचा मान राखूनही ऐकता येते हे सिद्ध केले. तरीही जाहीर आवाजाची गरज उरतेच. आयोगाने भरपाईची कमाल मर्यादा 2,00,000 डॉलर सुचवली असताना 2018 च्या राष्ट्रीय योजनेत ती 1,50,000 डॉलरच ठेवली गेली, आणि ही तफावत पीडितांनी उघडपणे बोलून दाखवली.