उडवणारा पारा आणि पनवेल

पाण्याहून साडेतेरा पट जड, तरीही द्रव असा हा धातू. बद्ध पारा साधकाला आकाशात नेतो, असे रसशास्त्राचे ग्रंथ सांगतात. त्यावरून कोणी प्राचीन विमाने सिद्ध करतो, कोणी सारे ग्रंथच थोतांड ठरवतो. पुढची पाने दोघेही उलटत नाहीत. तेथे डमरुयंत्र आहे: तोंडाला तोंड लावलेली दोन मडकी, सांध्याला कापडमाती, खाली हिंगूळ व अग्नी, वर ओले फडके. वरच्या थंड बुडाला शुद्ध पारा जमतो. उडतो तो पाराच, साधक नव्हे! पनवेलला १८७२ साली कृष्णशास्त्री पुराणिकांनी स्थापलेले धूतपापेश्वर उभे राहिले ते या भट्टीच्या विद्येवर, आकाशगमनावर नव्हे. मकरध्वजासारख्या औषधांतील पारा घातक की नाही, हा प्रश्न आजही प्रयोगशाळेचाच आहे. तेथे विमानवाल्यांची साक्ष कशाला?