खेळ जपायचा तर यंत्र उघडावे लागेल

संतकवी दासोपंतांची ओव्या लिहिलेली सुमारे ४० फूट लांबीची पासोडी अंबाजोगाईत ४०० वर्षे टिकून आहे. कापड सांभाळले, म्हणून ओव्या उरल्या. व्हिडिओ गेमचे तसे नाही. सीडी कपाटात नवीकोरी राहिली, तरी ती वाचणारे यंत्र बंद पडले की खेळ गेलाच.

२००९ साली सोनीच्या प्लेस्टेशन-२ या खेळयंत्रासाठी ‘देसी अड्डा’ आला. त्यात कबड्डी होती, विटी-दांडू होता. पुढच्याच वर्षी मुंबईच्या ट्राइन गेम्सने ‘स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स’ काढला. २०१३ पर्यंत सोनीने या यंत्राचे उत्पादनच थांबवले. आज जुन्या यंत्रांतली लेझरची लेन्स कमजोर होत चालली आहे. सीडी आत फिरते, पण पडद्यावर काही येत नाही. हौशी तंत्रज्ञांनी त्यावर तोड काढली. मेमरी कार्डात एक छोटा प्रोग्रॅम भरायचा. यंत्र सुरू होताच आधी तो चालतो आणि सीडीऐवजी पेनड्राइव्हवरून खेळ उघडून देतो. लेन्स निकामी झाली तरी अडत नाही.

असल्या फेरफाराचे नाव घेतले, की लोकांना चिप बसवून चालवलेल्या नकली सीड्या आठवतात. तो धंदा चोरीचाच होता, त्याचे समर्थन नको. पण आपल्याच विकत घेतलेल्या खेळाला वाचवणे ही चोरी नव्हे. २०१२ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात आलेले कलम ६५-अ हा फरक जाणते. हक्कभंगाच्या हेतूने डिजिटल कुलूप तोडणाऱ्याला दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. मात्र कायद्याने स्पष्टपणे मना न केलेल्या कामासाठी ते उघडण्यास आडकाठी नाही.

खरी अडचण ग्रंथालयांची आहे. जतनासाठी एखादी कृती इलेक्ट्रॉनिक स्वरूपात साठवण्याची सवलत त्यांना आहे, पण तिची डिजिटल नसलेली प्रत आधीपासून संग्रही असेल तरच. पुस्तकाची अशी प्रत असते. व्हिडिओ गेमची कुठून आणायची? अमेरिकेत २०१० पूर्वी निघालेल्या खेळांपैकी ८७ टक्के आता बाजारात मिळत नाहीत, असे तिथल्या व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने २०२३ मध्ये दाखवून दिले. आपल्याकडे तर मुळात खेळच थोडे निघाले, त्यामुळे एकेकाचे जाणे अधिक जाचते.

केंद्राने डिजिटल नसलेल्या प्रतीची ही अट काढावी. रीतसर विकत घेतलेली प्रत पुरेशी मानावी. आणि राज्याने जिल्हा ग्रंथालयांना जुनी यंत्रे व सीड्या स्वीकारण्याची मुभा द्यावी. ती चालू ठेवणारे हात बीड, परळी, माजलगावच्या मोबाइल दुरुस्तीच्या दुकानांत आजही आहेत. त्यांना या कामाचा रीतसर मोबदला मिळावा.