पासपोर्टच्या अर्जाआधी आपले नाव एक करा

गेल्या मे महिन्यात खानापूर तालुक्यातील एका खेड्यातून बाप आणि लेक आमच्या मंडळाच्या कचेरीत आले. मुलगा आयटीआय झालेला. आखातात नोकरीचे जमत आले होते, पण पासपोर्ट अडला होता. बापाने पिशवीतून कागद काढून टेबलावर मांडले. शाळेच्या मराठी दाखल्यावर आडनाव ‘चव्हाण’. एसएसएलसीच्या गुणपत्रिकेवर त्याचे नेहमीचे इंग्रजी स्पेलिंग. आधार कार्डावर त्याच स्पेलिंगमध्ये एक ‘एच’ जादा. जन्मदाखल्यावर तर कन्नडवरून इंग्रजीत उतरताना चव्हाणांचे ‘चौहान’ झालेले! बापाचे नावही दोन कागदांवर ‘मारुती’ आणि एकावर ‘मारुतीराव’. एका मध्यस्थाने पाच हजार रुपये घेऊन अर्ज भरून दिला होता. केंद्रावरील अधिकाऱ्याने कागद पाहिले आणि परत केले. मध्यस्थ त्यानंतर फोन उचलेना.

पुढे त्या मुलाचा पासपोर्ट झाला, पण नोकरीची जागा तोवर दुसऱ्याला गेली होती.

हा प्रसंग सांगण्याचे कारण असे, की तो एकट्याचा नाही. सीमाभागातील निम्म्या घरांची कपाटे उघडली तर हेच दिसेल. फलकावर मराठी हवी म्हणून आम्ही रस्त्यावर उतरतो, सरकारी परिपत्रक मराठीत मिळावे म्हणून मोर्चे काढतो, आणि ते योग्यच आहे. पण आपले स्वतःचे नाव चार कागदांवर चार तऱ्हांनी पडलेले असते, त्याकडे आम्ही वर्षानुवर्षे पाहत नाही. भाषेचा आग्रह धरणाऱ्या समाजाने आपल्या नावाचाही आग्रह धरला पाहिजे, असे आमचे स्पष्ट मत आहे. तो आग्रह धरायची खरी वेळ पासपोर्टचा अर्ज भरण्याच्या आधीची असते.

पहिली गोष्ट, पासपोर्ट ही सरकारची मेहेरबानी नाही. परदेशी जाण्याचा हक्क हा व्यक्तिस्वातंत्र्याचा भाग आहे, असा निर्णय सर्वोच्च न्यायालयाने एप्रिल १९६७ मध्ये दिला. त्यानंतर त्याच वर्षी जून महिन्यात पासपोर्ट कायदा अस्तित्वात आला. पुढे १९७८ मध्ये मनेका गांधी खटल्यात न्यायालयाने हा हक्क आणखी भक्कम केला. तेव्हा अर्ज करताना हात जोडण्याचे कारण नाही आणि कुणाची ओळख काढण्याचेही नाही.

दुसरी गोष्ट, अर्ज कुठे करायचा. आमच्या पिढीला पासपोर्ट म्हटले की रात्रीची गाडी पकडून बंगळूर गाठायचे, हे आठवते. हुबळीला पासपोर्ट सेवा केंद्र झाले तेव्हा तो फेरा वाचला. जानेवारी २०१७ मध्ये टपाल खात्याच्या कार्यालयांतून पासपोर्ट केंद्रे सुरू करण्याची योजना आली. म्हैसूर आणि गुजरातेतील दाहोद ही त्यांतली पहिली दोन. पुढे बेळगावच्या टपाल कार्यालयातही असे केंद्र झाले. जून २०१८ पासून आणखी एक सोय झाली, तिची माहिती अजून आमच्या अनेक वाचकांना नाही. आता भारतातील कोणत्याही पासपोर्ट कार्यालयाकडे अर्ज करता येतो. बेळगावात तारीख लवकर मिळत नसेल तर कोल्हापूर, हुबळी किंवा पणजी यांपैकी जिथे मिळेल तिथे जावे.

मात्र इथे एक धोक्याची सूचना. केंद्र कोल्हापूरचे निवडले तरी पोलिस तपास आपण अर्जात लिहिलेल्या सध्याच्या पत्त्यावरच होतो. ‘कोल्हापूरच्या मामाचा पत्ता घालू, म्हणजे इथले पोलिस नकोत’ असा सल्ला देणारे महाभाग आहेत. तो मानू नये. खोटी माहिती देऊन पासपोर्ट मिळवणे हा कायद्याच्या कलम १२ खाली गुन्हा आहे आणि त्याला दोन वर्षांपर्यंत कैद सांगितली आहे.

आमचे काही ज्येष्ठ बांधव राज्याच्या रकान्यात ‘कर्नाटक’ लिहिताना थबकतात. त्यांच्या भावनेचा आम्हाला आदर आहे. पण महाराष्ट्राने सीमाप्रश्नाचा दावा २००४ साली सर्वोच्च न्यायालयात नेला, तो कोणाच्या पासपोर्टच्या अर्जावरून ठरणार नाही. पासपोर्ट भारत सरकारचा असतो. आज जिथे राहतो तो पत्ता लिहिल्याने कुणाचा हक्क बुडत नाही. न लिहिल्याने पोराची संधी मात्र बुडते.

अर्जाची रीत अवघड नाही. सरकारी संकेतस्थळावर नाव नोंदवावे, अर्ज भरावा, शुल्क भरावे आणि तारीख घ्यावी. संकेतस्थळाचे नाव ‘पासपोर्टइंडिया’, आणि शेवटी ‘डॉट जीओव्ही डॉट इन’ असलेच पाहिजे. त्याच्यासारखी दिसणारी बनावट संकेतस्थळे आहेत, त्यांवर पैसे भरून लोक फसले आहेत. ३६ पानी साध्या पासपोर्टचे शुल्क २०१२ मध्ये १,५०० रुपये ठरले. भरण्याआधी संकेतस्थळावरचा आकडा पाहून घ्यावा. ठरल्या दिवशी मूळ कागद आणि स्वतः सही केलेल्या प्रती घेऊन जावे. फोटो आणि बोटांचे ठसे तिथेच घेतात. पुढे पोलिस तपास होतो आणि पासपोर्ट स्पीड पोस्टाने घरी येतो. भरलेल्या शुल्कापलीकडे वाटेत कुणालाही काही द्यायचे नसते, घरी आलेल्या शिपायालाही नाही. आखातात जाणाऱ्यांनी दहावी उत्तीर्ण असल्याचा कागद अवश्य जोडावा, नाहीतर पासपोर्टवर परदेशी नोकरीसाठी सरकारी तपासणीची अट पडते.

हे सगळे एका दुपारी होण्यासारखे आहे. अडते ते नावापाशी.

आपली पद्धत स्वतःचे नाव, वडिलांचे नाव आणि आडनाव अशी. इथल्या शाळांतून कधी आडनाव पुढे येते, कधी नुसती आद्याक्षरे उरतात. मराठी नाव कन्नडमध्ये लिहिले जाते आणि तिथून इंग्रजीत. या दोन उड्यांत ‘कांबळे’ नावात एखादे अक्षर जास्त पडते, ‘जाधव’ मधला ‘एच’ गळतो. लिहिणाऱ्या कारकुनाचा त्यात दुष्टावा असतोच असे नाही. पण आपण कागद हाती आल्यावर वाचून पाहत नाही, हा दोष आपला आहे.

म्हणून आमचा सल्ला असा. घरातील प्रत्येकाचा एक पायाचा कागद ठरवा. शिकलेल्यांसाठी तो शाळेचा दाखला किंवा एसएसएलसीची गुणपत्रिका असावा, कारण पुढची सारी प्रमाणपत्रे त्याच नावाने निघालेली असतात. मग आधार, पॅन, मतदार ओळखपत्र आणि बँकेचे पासबुक त्या नावाशी जुळवून घ्या. आधारमधील नाव आयुष्यात दोनदाच बदलता येते, तेव्हा घाईने चुकीची दुरुस्ती करून बसू नका. अर्जात ‘दिलेले नाव’ या रकान्यात स्वतःचे आणि वडिलांचे नाव, आणि आडनावाच्या रकान्यात फक्त आडनाव लिहावे.

जन्मदाखल्याविषयी फार गैरसमज आहे. १ ऑक्टोबर २०२३ रोजी किंवा त्यानंतर जन्मलेल्या बालकांना जन्मतारखेसाठी जन्मदाखलाच लागतो, असा नियम २०२५ साली झाला. त्याआधी जन्मलेल्यांना शाळेचा दाखला, पॅन कार्ड, वाहन परवाना, मतदार ओळखपत्र असे इतर कागदही चालतात. आरंभी सांगितलेल्या त्या मुलाने ‘चौहान’ लिहिलेला जन्मदाखला पुढे करण्याची गरजच नव्हती. आम्ही त्याचे आधार गुणपत्रिकेप्रमाणे दुरुस्त करून घेतले आणि अर्ज पुन्हा भरला. मध्यस्थाला हे ठाऊक नव्हते. ठाऊक असण्याची त्याला गरजही नव्हती, कारण पैसे आधीच घेतले होते.

तरीही जन्मनोंद चुकीची राहू देऊ नये. १९६९ च्या जन्ममृत्यू नोंदणी कायद्यात कलम १५ खाली चुकीची नोंद दुरुस्त करता येते. नोंदीत बाळाचे नावच नसेल तर ते नंतर घालण्याची सोय कलम १४ मध्ये आहे. ज्यांच्या घरी आज नातवंड जन्मते आहे त्यांनी तर महापालिकेत किंवा पंचायतीत इंग्रजी स्पेलिंग स्वतःच्या हाताने लिहून द्यावे आणि दाखला खिडकीपाशीच वाचून घ्यावा.

भगिनींचा प्रश्न याहून अवघड आहे. आपल्याकडे लग्नात आडनावच काय, नावही बदलण्याची चाल. ताटातल्या तांदळावर अंगठीने नवे नाव लिहिले जाते. हौस म्हणून ते गोड दिसते. पण चाळीस वर्षांनी मुलगी परदेशात बाळंत होणार असते, आईला बोलावते, आणि तेव्हा कळते की शाळेच्या दाखल्यावर एक बाई आहे आणि रेशन कार्डावर दुसरी. दोन्ही एकच आहेत हे सिद्ध करता करता नातू रांगायला लागतो. सासरचे नाव घेतलेच पाहिजे असे कायदा सांगत नाही. लग्न झाले एवढे लिहिण्यासाठी विवाहाचा दाखला जोडण्याची सक्तीही डिसेंबर २०१६ मध्ये गेली. पण नाव बदलले असेल तर बदलल्याचा पुरावा लागतोच. तेव्हा नव्या सुनेचे नाव बदलायचे की नाही, हे घरात तिला विचारूनच ठरवावे. बदलले तर विवाहाची नोंदणी करून सगळे कागद त्याच वर्षी एकसारखे करावेत.

आता ज्या विषयावर कुजबुज चालते तो उघड बोलू. काळ्या दिनाच्या फेरीत किंवा दुसऱ्या एखाद्या आंदोलनात नाव गोवले गेलेली आमची तरुण मुले पासपोर्टला अर्जच करत नाहीत. ‘केस आहे, मिळणार नाही’ असे गृहीत धरतात. कायदा काय म्हणतो? फौजदारी खटला न्यायालयात प्रलंबित असेल तर कलम ६ खाली पासपोर्ट नाकारता येतो. पण पोलिसांत नुसता गुन्हा नोंदला गेला आणि तपास चालू आहे, याला प्रलंबित खटला म्हणत नाहीत. न्यायालयाने दखल घेतल्यावरच तो प्रलंबित धरायचा, असे परराष्ट्र मंत्रालयाने ऑक्टोबर २०१९ मध्ये आपल्या कार्यालयांना कळवले आहे. खटला उभा राहिला असला तरी ऑगस्ट १९९३ च्या अधिसूचनेप्रमाणे त्या न्यायालयाची परवानगी आणून ठराविक मुदतीचा पासपोर्ट मिळवता येतो. तेव्हा अर्जातील प्रश्नाचे उत्तर खरे द्यावे, काही लपवू नये आणि अर्ज जरूर करावा. भाषेसाठी उभ्या राहिलेल्या मुलाने घाबरून स्वतःच घरात कोंडून घ्यावे, यासारखा पराभव दुसरा नाही.

आता सरकारकडे आमच्या मागण्या. बेळगावच्या केंद्रावर लागणाऱ्या कागदांची यादी मराठीतही लावावी. जन्मनोंदीत इंग्रजी स्पेलिंग आईवडिलांच्या लेखी म्हणण्याप्रमाणेच घ्यावे. पोलिस अहवालात नोंदलेला गुन्हा आणि चालू खटला यांतील फरक स्पष्ट लिहावा. राज्यघटनेच्या कलम ३५० प्रमाणे तक्रारीचा अर्ज देशात किंवा राज्यात वापरल्या जाणाऱ्या कोणत्याही भाषेत देता येतो. तेव्हा हे निवेदन आम्ही मराठीतच देणार आहोत. वाचकांनी त्यावर सह्या कराव्यात. या लढाईची जागा निवेदनात आणि सभेत आहे. केंद्राच्या खिडकीवर बसलेल्या मुलीशी हुज्जत घालून काही साधत नाही, आपलीच तारीख मात्र वाया जाते.

मंडळातील ज्या तरुणांना संगणक येतो त्यांनी आठवड्यातून एक संध्याकाळ द्यावी, म्हणजे कचेरीत अर्ज विनामूल्य भरून देता येतील. गाव करी ते राव न करी. मध्यस्थाला दिलेल्या पाच हजारांत एका मुलाची फी भरली गेली असती.

आणि तोवर एवढे करा. आज रात्री जेवणे झाली की कपाटातील कागद बाहेर काढा. घरातील प्रत्येकाचे नाव एका वहीत लिहा आणि प्रत्येक कागदावरील स्पेलिंग त्यापुढे मांडा. जिथे फरक दिसेल तिथे खूण करा आणि ती वही घेऊन कचेरीत या. परदेशी जायचे ठरले नसेल तरी या. तारीख येते तेव्हा ती थांबत नाही, आणि नाव एका दिवसात दुरुस्त होत नाही.