कुलूप कंपनीचे, वारसा सगळ्यांचा

व्हिडिओ गेमवर लिहितोय म्हटल्यावर काही कार्यकर्ते मित्र हसतील. शिष्यवृत्ती, आरक्षण, अत्याचाराचे प्रश्न समोर असताना हे खेळ कशाला? आमचे उत्तर सरळ आहे : मुद्दा कुलपाचा आहे आणि कुलपाशी आपला जुना संबंध आहे.

२७ मार्च २०२३ रोजी निन्टेंडोने थ्रीडीएस आणि वी यू या कन्सोलच्या ऑनलाइन दुकानातली विक्री बंद केली. फक्त तिथेच मिळणारे कितीतरी गेम त्या दिवसापासून विकत मिळेनासे झाले. त्याच वर्षी व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशनने अभ्यास मांडला : २०१० पूर्वी अमेरिकेत आलेल्या जुन्या गेमपैकी ८७ टक्के आज बाजारात नाहीत. संशोधकांना हे गेम घरबसल्या अभ्यासता यावेत म्हणून ग्रंथालयांच्या बाजूने सवलत मागितली गेली. ऑक्टोबर २०२४ मध्ये अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ती नाकारली. म्हणजे मालक विकणार नाही आणि ग्रंथालयालाही देऊ देणार नाही!

मग हे गेम वाचवतो कोण? कन्सोलचे कुलूप उघडणारे, आपल्याकडच्या कार्ट्रिजची बिनचूक प्रत काढणारे, ती चालवणारे इम्युलेटर फुकट लिहिणारे हौशी लोक. त्यांच्या आडून चोरीचा धंदा करणारेही आहेत. त्यांचे समर्थन आम्ही करत नाही. पण त्यांच्याकडे बोट दाखवून जतन करणाऱ्यालाही चोर ठरवणे आम्हाला मान्य नाही.

महाडचे तळे खुले करण्याचा नगरपालिकेचा ठराव होता, तरी २० मार्च १९२७ रोजी लोकांना स्वतः जाऊन पाणी घ्यावे लागले. १९३६ साली जातपात तोडक मंडळाने बाबासाहेबांचे भाषण होऊ दिले नाही. त्यांनी ते स्वखर्चाने छापले, म्हणून आज आपल्या हातात आहे. दुसऱ्याच्या मर्जीवर सोडलेला वारसा टिकत नाही.

आपल्याकडेही २०१२ च्या दुरुस्तीने कॉपीराइट कायद्यात कलम ६५अ आले. हक्कभंगाच्या हेतूने डिजिटल कुलूप तोडल्यास दोन वर्षांपर्यंत कैद होऊ शकते. ग्रंथालये आणि जतन करणाऱ्यांना त्यात स्पष्ट शब्दांत संरक्षण द्या, ही मागणी आपणही लावून धरली पाहिजे.

आणि तरुण मित्रांनो, ही विद्या शिकून घ्या. भीमगीतांच्या कॅसेट, जुन्या नियतकालिकांचे अंक घराघरांत कुजत आहेत. त्यांच्या प्रती काढा, दोन-तीन ठिकाणी ठेवा. ते काम कोणतीही कंपनी आपल्यासाठी करणार नाही.

जय भीम!