निवेदनाविना माथेरान

शनिवार पेठेतल्या माझ्या खिडकीखाली दुचाक्यांचा आवाज रात्रीसुद्धा विसावत नाही. म्हणूनच असेल, मला माथेरानच्या रोजच्या जगण्यावर एक लघुपट हवाय, निवेदकाशिवाय. गाड्या दस्तुरी नाक्यावरच थांबतात. पुढे सामान घोड्याच्या पाठीवर नाहीतर माणसाच्या डोक्यावर. कॅमेऱ्यानं त्या तांबड्या धुळीतून त्यांच्याच चालीनं चालावं. १९०७ची छोटी आगगाडी सगळेच टिपतात. मला हातरिक्षा ओढणाऱ्याच्या टाचा पाहायच्यात, चढावर फुललेला त्याचा श्वास ऐकायचाय. ऑगस्ट २०२५मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ही प्रथा सहा महिन्यांत बंद करायला सांगितलं. फार उशिरा, पण योग्यच. आता ई-रिक्षाच्या चालकाच्या जागेवर तोच माणूस बसतो का, तेवढं त्या कॅमेऱ्यानं थांबून पाहावं.