मध्यप्रांताचे मराठी गव्हर्नर

आमचे बऱ्हाणपूर २००३ साली स्वतंत्र जिल्हा झाले; १९२९ साली ते मध्यप्रांताच्या निमाड जिल्ह्यात होते. त्या वर्षी काही काळ प्रांताचे हंगामी गव्हर्नर अमरावतीचे एक मराठी वकील होते, हे आमच्या तरुण वाचकांस बहुधा ठाऊक नसेल. त्यांचे नाव श्रीपाद बळवंत तांबे.

१९२३ च्या निवडणुकीत स्वराज्य पक्षाने येथील कौन्सिल जिंकले, ते राज्यकारभार अडवून धरण्यासाठी. पक्षाने मंत्रिपदे नाकारली आणि मंत्र्यांचे वार्षिक वेतन २ रुपयांवर आणून ठेवले! त्याच पक्षाचे तांबे कौन्सिलचे अध्यक्ष झाले. ऑक्टोबर १९२५ मध्ये मात्र त्यांनी गव्हर्नरांच्या कार्यकारी मंडळातील जागा पत्करली. मोतीलाल नेहरू संतापले. केळकर आणि जयकर तांब्यांच्या बाजूने उभे राहिले. पक्ष दुभंगला व प्रतियोगी सहकारितेचा नवा पक्ष निघाला.

तांब्यांना फितूर म्हणण्यास आम्ही धजणार नाही. मराठी माणूस त्या खुर्चीवर बसला याचा अभिमानही आम्हांस वाटतो. तरीही ज्यांनी अडवणुकीसाठी मते दिली, त्या मतदारांपुढे ती जागा घेण्यापूर्वी पुन्हा एकवार जाणे त्यांना अधिक शोभले असते.